फरशी फोडण्याआधी

हैदराबादेत जुनं घर नव्यानं करायला घेतलं की पहिला घाव फरशीवर पडतो. दसऱ्याच्या आधीच्या महिन्यात काचीगुडा, बरकतपुरा, नारायणगुडा, सुलतान बाजार या भागांतून चालत जा, गेटांबाहेर राडारोड्याचे ढीग दिसतील. त्यात विटांपेक्षा फरश्यांचे तुकडे जास्त असतात. निळसर करडी तांदूर, पिवळट तांदूर, पांढऱ्या-काळ्या-तांबड्या खड्यांचं मोझॅक. तांदूरचा एखादा तुकडा उचलून त्याची कड पाहावी. इंचभर जाडीचा सलग दगड असतो. वरचा पापुद्रा तेवढा मळलेला, ओरखडलेला. खालचा सगळा कोरा. त्या पापुद्र्यापायी इंचभर दगड रस्त्यावर आलेला असतो आणि त्याच्या जागी जी टाइल बसते, तिची चकाकी एकदा गेली की कोणत्याही कारागिराला ती परत आणता येत नाही.

जुनी फरशी घासून नवी करता येते, यात या शहराला कधी नवल वाटलं नव्हतं. घरात लग्न निघालं की रंगारी यायचा तसा पॉलिशवालाही यायचा. हातगाडीवर मशीन, डब्यात घासायचे दगड, पाण्याची नळी. काही दिवस घरभर करडा चिखल आणि कानठळ्या बसवणारा आवाज; मग अशी जमीन, की दारातून आलेला उजेड थेट माजघरापर्यंत जायचा. आता त्याच प्रसंगाला त्याच घरात ब्रेकर येतो. मी या शहरात वाढलेला मराठी माणूस आहे, हे घाव कानांवर घेत आलो आहे, आणि माझं सांगणं एवढंच आहे: फोडण्याआधी आपली फरशी कशाची आहे आणि ती अजून किती शिल्लक आहे, हे पाहून घ्या. बहुतेक घरांत ती भरपूर शिल्लक असते.

हा दगड येतो कुठून, ते आधी सांगितलं पाहिजे. हैदराबादहून मुंबईच्या गाडीत बसलं की विकाराबादच्या पुढे तांदूर लागतं. गावाच्या भोवती लाद्यांच्या चळती, पॉलिशचे कारखाने आणि कापून उरलेल्या तुकड्यांच्या टेकड्या. तसंच पुढे गेलं की वाडी, आणि वाडीच्या पलीकडे शहाबाद. तांदूर आज तेलंगणात आणि शहाबाद कर्नाटकात, पण दोघांचा खडक एकाच खोऱ्यातला. भूशास्त्रज्ञ त्याला भीमा खोरं म्हणतात. उथळ समुद्राच्या तळाशी चुन्याचा गाळ थरावर थर साचत गेला, त्याचा हा चुनखडक झाला. तो पन्नास कोटी वर्षांहून जुना आहे, शंख-शिंपल्यांचे प्राणी पृथ्वीवर येण्याच्या आधीचा. म्हणून त्यात शिंपल्यांचे ठसे मिळत नाहीत. थर बहुतेक ठिकाणी आडवेच राहिले, चुरगळले नाहीत, त्यामुळे पहार-छिन्नी लावली की सपाट लाद्या सुटतात.

हे सपाट सुटणं फार मोलाचं होतं. महाराष्ट्राचा बहुतेक भाग बेसॉल्टचा. किल्ल्याला, मंदिराला, जात्याला उत्तम दगड, पण त्याच्या पातळ लाद्या निघत नाहीत. हैदराबाद स्वतः उभं आहे सुमारे अडीचशे कोटी वर्षं जुन्या ग्रॅनाइटवर. तोही करवतीशिवाय पातळ होत नाही. मग जमिनीला सपाट दगड हवा तर तो या दोहोंच्या मधल्या पट्ट्यातून आणायचा. रेल्वेनं ते सोपं केलं. मुंबईहून निघालेला ग्रेट इंडियन पेनिन्सुला रेल्वेचा मार्ग 1871 मध्ये रायचूरला पोहोचला, तो शहाबादवरून जातो. वाडी ते सिकंदराबाद हा निजामाचा मार्ग 1874 मध्ये सुरू झाला, तो तांदूरवरून जातो. एका मार्गानं लादी सोलापूर, पुणे, मुंबईकडे गेली आणि चाळींपासून वाड्यांपर्यंत शहाबादी म्हणून पायाखाली बसली. दुसऱ्या मार्गानं ती हैदराबादेत आली. 1948 पर्यंत शहाबाद आणि तांदूर, त्यांच्या जोडीला औरंगाबाद, बीड, परभणी, नांदेड, उस्मानाबाद, हे सगळं निजामाच्या एकाच संस्थानात होतं. 1 नोव्हेंबर 1956 ला त्याचे तीन राज्यांत तुकडे झाले. नांदेडच्या वाड्यातली जमीन आणि काचीगुड्याच्या घरातली जमीन सारखी दिसते, ती उगाच नाही.

याच खडकातून सिमेंटही निघतं. शहाबादची सिमेंट कंपनी 1936 मध्ये एसीसीत एकत्र आलेल्या कंपन्यांपैकी एक. तांदूरला सिमेंट कॉर्पोरेशन ऑफ इंडियाचा कारखाना आहे. लादी आणि ती बसवणारं सिमेंट, दोन्हींचं मूळ चुन्याच्या दगडात आहे, रसायनाच्या भाषेत कॅल्शियम कार्बोनेटमध्ये. फरशी कशी घासायची, ती चमकते कशानं आणि मरते कशानं, याचा उलगडा बराचसा या एका पदार्थात आहे.

आमचं बरकतपुऱ्यातलं घर साठच्या दशकातलं. त्या काळच्या मध्यमवर्गीय घरांची रीत त्यात जशीच्या तशी होती: पुढच्या खोलीत मोझॅक, स्वयंपाकघरात आणि मागल्या अंगणात तांदूर, व्हरांड्यात लाल ऑक्साइडचा कोबा. पाहुण्यांच्या नजरेला पडेल तिथं महागडं, राबायचं तिथं दगड. एका घरात तीन जमिनी, आणि तिघींची शुश्रूषा वेगळी. मुख्य चूक होते ती इथं. ‘फरशी पॉलिश करायची आहे’ एवढं म्हणून माणसाला बोलावलं जातं आणि एकच मशीन तिन्हींवर फिरतं.

मोझॅकपासून सुरुवात करू. इटलीत संगमरवराचे उरलेले तुकडे चुन्यात बसवून वरून घासायची जी जुनी कला, तिचा हा सिमेंटयुगातला अवतार. साच्यात खालचा थर साध्या सिमेंट-रेतीचा, वरचा पांढऱ्या किंवा रंगीत सिमेंटमध्ये संगमरवरी खडे कालवलेला, आणि दोन्ही दाबयंत्राखाली दाबून एक केलेले. या देशात सिमेंटच्या टाइलचा धंदा स्वदेशीच्या ऊर्मीतून उभा राहिला. पिरोजशा आणि रुस्तम सिधवा या पारशी काका-पुतण्यांनी 1922 मध्ये मुंबईत भारत टाइल्स सुरू केली. नंतर गावोगावी दाबयंत्रं आली आणि स्वातंत्र्यानंतरच्या तीन-चार दशकांत बांधलेल्या सरकारी क्वार्टर्स, शाळा, बँका, दवाखाने, सोसायट्या या सगळ्यांत मोझॅक बसलं. भारतीय मानकाप्रमाणे अशा टाइलची जाडी आकारानुसार 20 ते 25 मिलिमीटर, आणि खड्यांचा वरचा थर पाच-सहा मिलिमीटरचा. नीट घासलं तर एका वेळी मिलिमीटरभर, फार तर थोडं जास्त जातं. साठ वर्षांत दोनदाच घासलेल्या मोझॅकमध्ये किती आयुष्य उरलं असेल, ते ज्याचं त्यानं मोजावं.

तांदूर आणि शहाबादी यांचं गणित याहून सोपं, कारण त्यांत थरच नाही. वरपासून खालपर्यंत एकच दगड. कितीही घासा, खाली तोच निघतो. मर्यादा असते ती जाडीची आणि लादीखालच्या बैठकीची. जुन्या घरांत लाद्या चुन्याच्या किंवा मातीच्या भरावावर टाकलेल्या असतात; एखादी डुगडुगते, एखादी खचलेली असते. लाकडी दांड्यानं ठोकून पाहायचं. पोकळ आवाज आला तर ती लादी उचलून, खाली माल भरून, पुन्हा बसवायची आणि पुरती वाळू द्यायची. डुगडुगत्या लादीवर मशीन चढलं की तिचा कोपरा उडालाच.

नक्षीच्या सिमेंट टाइल्स मात्र नाजूक. सुलतान बाजाराच्या जुन्या घरांत त्या अजून आहेत: फुलं, चौकटी, काठ, मध्ये गालिचा पसरल्यासारखी आकृती. तो रंग टाइलच्या वरच्या दोन-चार मिलिमीटरांतच असतो. जाड दगडाचं मशीन फिरवणारा माणूस एका दुपारात ती नक्षी कायमची पुसू शकतो. अशा जमिनीला बारीक नंबरच्या पॅडनं, हलक्या हातानं, फक्त मळाचा थर निघेल इतकंच घासायचं. लाल ऑक्साइडच्या कोब्याला तर मशीन दाखवायचंच नाही. तो रंगीत सिमेंटचा पातळ थर आहे, घोटून घोटून गुळगुळीत केलेला. त्याला लागतं साधं पाणी, अधूनमधून खोबरेल तेलाचा किंवा मेणाचा हात, आणि रोज वावरणारे पाय. आमच्या व्हरांड्याचा लाल रंग आजीच्या हातच्या तेलानं जो खोल झाला होता, तसा मी दुसरीकडे पाहिला नाही.

राहिल्या आजच्या टाइल्स. चकाकणाऱ्या सिरॅमिक टाइलवर काचेचा थर असतो, मिलिमीटरहूनही पातळ. त्याच्या खाली भाजलेली माती. तो थर झिजला की पाणी, तेल, हळद सगळं आत शिरतं. घासून तिथं काही मिळत नाही. गुजरातेतल्या मोरबीहून देशभर जाणाऱ्या व्हिट्रिफाइड टाइल्स अधिक कणखर असतात. काहींचा रंगीत थर तीन-चार मिलिमीटरचाही असतो. पण त्यांची चकाकी कारखान्यातल्या अवजड यंत्रांनी आणलेली असते. घरात हातमशीननं घासलं की बारीक छिद्रं उघडी पडतात आणि त्यांत मळ बसतो. बऱ्याचदा टाइल खराब दिसते ती तिच्यामुळे नसतेच, सांध्यांमुळे असते. जुना काळवंडलेला माल खरवडून सांधे नव्यानं भरले की अर्धं काम होतं.

काचेचा थर परत येत नाही, याचा पुरावा शहराच्या पोटातच आहे. चारमिनारजवळचा बादशाही आशुरखाना, म्हणजे मोहरमच्या शोकसभांची वास्तू, कुतुबशाही काळातला. त्याच्या भिंतींवर सतराव्या शतकाच्या सुरुवातीच्या रंगीत, झिलईदार टाइल्सची नक्षी आहे, चारशे वर्षांनंतरही निळा-पिवळा रंग डोळ्यांत भरणारी. 1908 च्या सप्टेंबरात मुसी नदीला महापूर आला, पाणी आत शिरलं आणि खालच्या टाइल्स गेल्या. त्या जागी नंतर रंगानं तशी नक्षी काढली. जवळ जाऊन पाहिलं की अस्सल टाइल कुठं संपते आणि रंगवलेली भिंत कुठं सुरू होते, ते कळतं. बादशहाच्या टाइललाही जे जमलं नाही, त्याची दुकानातल्या टाइलकडून कोण अपेक्षा करणार? दगडाच्या बाबतीत हा प्रश्नच येत नाही.

घरातली फरशी कोणत्या जातीची, हे ओळखायला तज्ज्ञ लागत नाही. कपाटाखालचा, कुणाला न दिसणारा कोपरा घ्यावा आणि लिंबाचा एक थेंब टाकावा. काही मिनिटांनी पुसल्यावर तिथं मंद डाग उमटला तर फरशी चुन्याच्या कुळातली: तांदूर, शहाबादी, कडप्पा, कोटा, संगमरवर, मोझॅक, सिमेंट टाइल. काहीच झालं नाही तर ग्रॅनाइट किंवा भाजलेली टाइल. कुठं फुटका तुकडा मिळाला तर त्याची कड पाहावी. रंग आरपार आहे की वरवर, ते लगेच दिसतं.

आमच्या पुढच्या खोलीचं मोझॅक घासायचं ठरलं, तेव्हा आलेल्या पहिल्या कंत्राटदारानं दोन पर्याय दिले होते. एक, ॲसिडनं धुऊन वरून पॉलिशचा कोट मारणं. दुसरा, जुन्यावरच नवी टाइल चिकटवणं. दोन्ही झटपट आणि दोन्ही चुकीचे. फरशीवर फरशी चढवली की जमीन वर येते, दारं खालून कापावी लागतात, उंबरा बुडतो, न्हाणीघराचा उतार बिघडतो, आणि खालची एखादी लादी पोकळ असेल तर वरची टाइल तिथंच तडकते. ॲसिडचं सविस्तर पुढे येईल.

काम शेवटी ज्या मिस्त्रीनं केलं, तो जुन्या शहरातला, वडिलांच्या हाताखाली शिकलेला. त्यानं मशीन लावण्याआधी बराच वेळ नुसती खोली पाहिली. सामान पुरतं बाहेर काढायला लावलं. भिंतींना खालून प्लॅस्टिक लावलं. मोरीच्या तोंडाशी गोणपाटाचा बांध घातला, कारण घासताना निघणारा चिखल नळीत गेला तर तो तिथंच सिमेंटसारखा घट्ट बसतो आणि मग फोडाफोड अटळ. सांध्यांतला जुना मळ पातळ पातीनं खरवडून काढला.

मग पहिली घिसाई, साठ नंबरच्या दगडानं. हा दगड म्हणजे कार्बोरंडम, सिलिकॉन कार्बाइड. एडवर्ड ॲचेसन या अमेरिकन माणसानं 1891 मध्ये विजेच्या भट्टीत हा पदार्थ तयार केला. चुनखडकाची कठीणता मोहसच्या मापावर जेमतेम तीन. कार्बोरंडम नवाच्या वर. म्हणून तो दगड सरळ कापत जातो. साठ नंबरच्या फेरीत फरशी सुंदर दिसत नाही, उलट भकास, पांढुरकी दिसते, आणि बरेच घरमालक इथंच घाबरतात. पण सगळं काम याच फेरीवर उभं असतं. उंच-सखल कडा इथंच एका पातळीत यायला हव्यात. इथं घाई केली तर पुढचे बारीक दगड फक्त उंचवटे चमकवतात आणि खळगे तसेच राहतात.

त्यानंतर धुऊन पाहिलं की मोझॅकमध्ये टाचणीच्या टोकाएवढी भोकं दिसतात. कुठं खडा निघालेला, कुठं हवेचा बुडबुडा. त्यांत त्याच रंगाच्या सिमेंटचा घोळ भरायचा. रंग जुळवणं हे खरं कौशल्य. आमच्या मिस्त्रीनं पांढऱ्या सिमेंटमध्ये चिमूट-चिमूट रंग घालून कागदावर ठिपके काढले, ते वाळवले, मग ठरवलं. ओलं सिमेंट गडद दिसतं, वाळल्यावर फिकं होतं. हा माल भरल्यावर जमीन आठवडाभर ओली ठेवायची असते. सरकारी बांधकामाच्या नियमांतही हे लिहिलेलं आहे आणि बाजारात सगळ्यांत आधी हाच आठवडा कापला जातो. ओलावा न मिळालेलं सिमेंट दुसऱ्या फेरीत भुसभुशीत होऊन निघून येतं. आठवडाभर थांबा म्हणणारा मिस्त्री मिळाला तर त्याला सोडू नये.

पुढे एकशेवीस, मग तीनशेवीस, मग चारशे नंबर. प्रत्येक फेरीत आधीच्या दगडाचे ओरखडे पुसायचे आणि स्वतःचे त्याहून बारीक ठेवायचे. चकाकी म्हणजे याहून वेगळं काही नाही. ओरखडे इतके बारीक झाले की ते प्रकाश विखुरत नाहीत, सरळ परतवतात. म्हणून चकाकी बाटलीतून ओतता येत नाही. एखादा नंबर गाळला तर दिवसा कळत नाही. संध्याकाळी दिवा लागला की गोल गोल फिरलेले ओरखडे उठून दिसतात.

शेवटचा हात ऑक्झॅलिकचा. पांढरी पूड, चौरस मीटरला साधारण 33 ग्रॅम, वर पाण्याचा शिडकावा, आणि लोकरी नमद्यानं जोर लावून घासायचं. ऑक्झॅलिकही ॲसिडच आहे, पण त्याची करणी वेगळी. ते फरशीतल्या कॅल्शियमशी मिळून कॅल्शियम ऑक्झलेट बनवतं, आणि हा पदार्थ पाण्यात विरघळत नाही. मूतखडा बहुतेकदा याचाच असतो. शरीरात जो चिवटपणा त्रास देतो, तोच फरशीवर पातळ, घट्ट कवच होऊन बसतो. गंजाचे डागही ऑक्झॅलिकनं निघतात. पण ते विषारी आहे. पूड उडता कामा नये, हातमोजे हवेत, पोरं लांब हवीत, आणि शेवटी जमीन भरपूर पाण्यानं धुवायला हवी.

याच्या अगदी उलट, घराघरांत फरशीवर ओतलं जाणारं हायड्रोक्लोरिक ॲसिड. संडास धुण्याच्या बाटल्यांत ते असतं, हार्डवेअरच्या दुकानात सुटंही मिळतं. आपल्या बोअरच्या जड पाण्यानं न्हाणीघरात पांढरा थर धरतो, तो घालवायला ते टाकलं जातं आणि तिथून बाहेरच्या तांदूरवर येतं. फेस येतो, लोकांना वाटतं मळ निघतोय. तो फेस म्हणजे फरशीच आहे, कार्बन डायऑक्साइड होऊन उडून चाललेली. उरलेलं क्षारयुक्त पाणी खोल मुरतं आणि पुढे लोणा होऊन वर येतं. ॲसिडनं धुतलेली जमीन पहिले दोन दिवस उजळ दिसते, नंतर पूर्वीपेक्षा लवकर मळते, कारण तिचा पृष्ठभाग खडबडीत झालेला असतो. मग पुन्हा ॲसिड. या चक्रात चांगल्या चांगल्या जमिनी गेलेल्या मी पाहिल्या आहेत. हैदराबादच्या स्वयंपाकघरात हेच काम चिंच हळूहळू करते. ओट्यापाशी तांदूरवर जे मंद ठिपके दिसतात, ते सांडलेल्या पुलुसूचे आणि सांबाराचे असतात.

आता त्या गोष्टीविषयी, जी घासणाऱ्याच्या छातीत जाते. कोरडं घासलं की धूळ उडते. सिमेंटच्या रेतीत आणि ग्रॅनाइटमध्ये सिलिका असते. तिचे सूक्ष्म कण फुप्फुसात बसले की सिलिकोसिस होतो, आणि त्यावर बरं करणारं औषध नाही. जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संस्थेनं 1997 मध्ये या धुळीला कर्करोगकारक ठरवलं. कृत्रिम क्वार्ट्झचे ओटे कापणाऱ्या तरुण कामगारांत हा आजार पसरला म्हणून ऑस्ट्रेलियानं 1 जुलै 2024 पासून त्या दगडावर बंदी घातली. आपल्याकडे अपार्टमेंटच्या जिन्यात, तोंडाला रुमाल बांधून, हातमशीननं कोरडी टाइल कापणारा पोरगा रोज दिसतो. तो रुमाल त्याला वाचवत नाही. पाणी वाचवतं. ओल्या घिसाईत धूळ चिखलात राहते. वर व्यवस्थित बसणारा, बारीक कण अडवणारा मास्क हवाच.

पाणी आलं की वीज धोक्याची होते. मशीनची वायर चिखलातून जाते, माणूस बहुधा अनवाणी असतो. घरात गळती पकडून वीज तोडणारं उपकरण, 30 मिलिॲम्पिअरचं आरसीसीबी, नसेल तर कामाआधी बसवून घ्यावं. अर्थिंग तपासावं. कामगाराला रबरी बूट आहेत का, हे घरमालकानं विचारावं, आणि नसतील तर घेऊन द्यावेत. सिमेंटचा चिखल दिवसभर पायांवर राहिला तर कातडी भाजते. आपल्या घराची जमीन चमकावी म्हणून कुणाचा श्वास जाऊ नये, यात मतभेदाला जागा नाही.

हे सगळं स्वतः करावं का? एखादा ओटा, देव्हाऱ्यापुढची जागा, दोन लाद्यांची उंबऱ्याजवळची पट्टी, एवढं हातानं करता येतं. ओला पॉलिश पेपर किंवा डायमंडचे पॅड, नंबर क्रमानं चढते, पाणी सतत, हात सपाट. विजेच्या ग्राइंडरनं नवख्या माणसानं खोली घासायला घेऊ नये. एका जागी दोन क्षण रेंगाळलं तरी बशीसारखा खळगा पडतो आणि तो भरून काढायला सगळी खोली खाली घ्यावी लागते. खोलीचं काम मिस्त्रीचं.

चकाकी किती हवी, हेही ठरवून सांगावं लागतं. कारागिराला वाटतं आरसा म्हणजे उत्तम काम. पण पाणी सांडलेल्या आरशावर आई-वडील घसरतात. अपघाती मृत्यूंच्या कारणांत जगात रस्त्यावरच्या अपघातांनंतर पडण्याचा क्रमांक लागतो, असं जागतिक आरोग्य संघटना सांगते, आणि त्यांत म्हातारी माणसं सगळ्यांत जास्त. न्हाणीघर, मोरी, मागलं अंगण इथं एकशेवीसवरच थांबावं. स्वयंपाकघरात दोनशेवीसच्या पुढे जायची गरज नाही. बैठकीत हवी तेवढी चमक आणा.

वरून प्लॅस्टिकसारखा थर देणारे लेप मी कुणाला सुचवत नाही. तळमजल्यावरच्या जुन्या घरांत जमिनीखालून ओल येते, पावसाळ्यात विशेष. लेपाखाली ती अडकते, फुगे येतात, पापुद्रे सुटतात. द्यायचंच असेल तर आत मुरणारं, दगडाला श्वास घेऊ देणारं सीलर द्यावं, तेही फरशी पुरती वाळल्यावर. मेणाचा पातळ हात अजूनही चांगला. फक्त तो वर्षातून एकदा द्यावा लागतो.

आता थोडं दिवाळीच्या सणाचं. चकल्या तळताना तांदूरवर तेल सांडलं तर लगेच कोरड्या कापडानं टिपा, पुसून पसरवू नका. मुरलंच तर खडूची भुकटी आणि खायच्या सोड्याचा दाट लेप रात्रभर लावून ठेवा. वाळता वाळता तो तेल वर ओढून घेतो. डाग जुना असेल तर दोन-तीनदा करावं लागेल. हळदीच्या डागावर साबण घातला की तो लाल होतो. घाबरू नका, उन्हात तो आपोआप फिका पडतो. पणतीखाली ताटली ठेवा. बाजारातल्या गडद रंगांची रांगोळी ओल्या जमिनीवर घालू नका, तो रंग चुनखडकात शिरतो. आपली पांढरी रांगोळी निर्धोक. रोज पुसायला साधं पाणी, आठवड्यातून एकदा सौम्य साबण. व्हिनेगर, लिंबू, ॲसिड यांतलं काहीही नको, बाटलीवर कितीही चांगलं चित्र असलं तरी.

आमच्या पुढच्या खोलीचं मोझॅक आता जे दिसतं, ते वडिलांनी घर बांधलं तेव्हा दिसत असणार तसं. नवी टाइल घातली असती तर खर्च कितीतरी पट झाला असता, त्यात फोडणं, राडारोडा वाहणं आणि तो टाकायला जागा शोधणं आलंच. या शहराच्या कडेची तळी याच राडारोड्यानं बुजत आली आहेत.

तेव्हा घराचं काम काढणार असाल तर ब्रेकर बोलावण्याआधी एक कोपरा घासून पाहा. चांगला मिस्त्री हातभर जागा नमुना म्हणून घासून दाखवायला नाही म्हणत नाही. तो नमुना दिवसाही पाहा आणि रात्री दिव्यातही पाहा. काम द्यायचं ते पाणी लावून घासणाऱ्याला द्या, त्याला आठवडाभराची सवड द्या, आणि त्याच्या मास्कचे व बुटांचे पैसे हिशेबात धरा. घासूनही समाधान झालं नाही तर फोडायला फरशी तिथंच आहे.